५०७ तासांची अभिनेत्री

१९८९च्या सेझार या फ्रेंच चित्रपट-पुरस्कारांत सहायक अभिनेत्रीच्या विभागात एकाच चित्रपटातल्या दोघीजणी एकमेकींसमोर होत्या. चित्रपट एत्येन शातिलीए यांचा. नावाचा अर्थ 'आयुष्य ही एक लांबलचक संथ नदी'. कातरीन इएजेल त्यात नर्स झाल्या होत्या. डॉक्टरवरच्या रागापोटी दोन नवजात बाळांची अदलाबदल करणारी नर्स. एलेन व्हँसां झाल्या होत्या ल केस्न्वा घराण्यातली आई. खाऊनपिऊन सुखी, देवाधर्माचं, इस्त्रीच्या घडीसारखं घर. आणि बारा वर्षांनी कळतं की वाढवलेली मुलगी आपली नव्हेच. पुरस्कार व्हँसां यांना मिळाला. त्याच घरातली मोलकरीण झालेल्या कातरीन जाकोब नवोदित अभिनेत्रीचा पुरस्कार घेऊन गेल्या. तिकीटखिडकीवर गर्दी खेचील असं एकही मोठं नाव चित्रपटात नव्हतं, तरी फ्रान्समध्ये ४० लाखांहून जास्त तिकिटं खपली.

पुढे काय झालं? व्हँसां नायिका झाल्या नाहीत. १९९३मध्ये किएस्लोव्हस्कींच्या 'ब्लू'मध्ये त्या पत्रकार आहेत, पडद्यावर जेमतेम काही मिनिटं. १९९७च्या 'मा व्ही आँ रोज'मध्ये मुलगी व्हायचं स्वप्न बघणाऱ्या छोट्या मुलाची आजी. 'साम्बा'त, 'ऑर नॉर्म'मध्ये, फ्रान्स्वा ओझोंच्या 'ग्रास आ द्यो'मध्ये पुन्हा कुणाची तरी आई, कुणाची तरी मदतनीस. मधे २०१२मध्ये स्तेफान ब्रिझेंनी एका मरणासन्न, करड्या आईची भूमिका दिली आणि त्या सेझारच्या मुख्य अभिनेत्रीच्या यादीत आल्या. मग पुन्हा दुय्यम भूमिका. २०२४मध्ये ओझोंनी 'कां व्हिएँ लोतॉन'मध्ये त्यांना अख्खा चित्रपट दिला: बर्गंडीतल्या खेड्यातली निवृत्त बाई, रानातून आळंबी गोळा करून आणते, रांधते, आणि ती खाऊन तिची मुलगी आजारी पडते. ते मुद्दाम होतं की चुकून, हे बाईच्या चेहऱ्यावरून शेवटपर्यंत कळत नाही. चित्रपट आला तेव्हा व्हँसां ८१ वर्षांच्या होत्या. २०२५च्या सेझारला त्या पुन्हा मुख्य अभिनेत्रीच्या यादीत.

अशी कारकीर्द सांगताना दोन शब्द हमखास येतात: चिकाटी आणि गुणवत्ता. दोन्ही खरे, दोन्ही अपुरे. गुणवत्ता असलेल्या बायका सगळ्याच देशांत असतात. चार दिवसांच्या शूटिंगनंतर तीन महिने घरी बसावं लागलं तर भाडं कोण भरतं, या प्रश्नाचं उत्तर मात्र सगळ्या देशांत नसतं. दुय्यम भूमिका करणाऱ्या अभिनेत्रीचा खरा व्यवसाय म्हणजे भूमिकांच्या मधले दिवस. फ्रान्सने त्या दिवसांची किंमत कायद्यात लिहिली म्हणून तिथे अशा कारकिर्दी एकट्यादुकट्या न राहता पिढ्यान्‌पिढ्या उभ्या राहिल्या. आणि त्याच व्यवस्थेत एक भोक आहे, ते नेमकं पन्नाशीच्या बाईखाली उघडतं. त्याबद्दल पुढे.

आधी हिशेब, कारण वाद नेहमी हिशेबाशिवायच होतो.

मराठी नाटकातल्या नटाला प्रयोगामागे 'नाइट' मिळते. फ्रेंच कलाकाराचा 'काशे' साधारण तसाच: एका दिवसाच्या किंवा एका प्रयोगाच्या कामाचं ठोक मानधन. फरक असा की काशे हा कायद्याने पगार आहे. १९६९च्या डिसेंबरात झालेल्या कायद्याने असं गृहीतच धरलं की पैसे देऊन कुणी कलाकाराला कामाला लावलं तर तो नोकरीचा करार. तसं नाही हे सिद्ध करायची जबाबदारी निर्मात्याची. त्यामुळे एका दिवसाच्या भूमिकेवरसुद्धा पगारपत्रक निघतं, त्यातून आरोग्यविमा, निवृत्तिवेतन आणि बेकारी विमा यांची वर्गणी कापली जाते. सुट्टीचे पैसेही वेगळे जमतात. निर्माता ते वेगळ्या निधीत भरतो आणि कलाकाराला वर्षातून एकदा, ढोबळमानाने कमाईच्या दहा टक्के, तिथून मिळतात. एका दिवसाच्या नोकरीला रजेचा पगार, हे ऐकून आपल्याकडे कुणी हसेल. पण असे चाळीस दिवस जमले की ती रक्कम उन्हाळ्याचं भाडं असते.

बेकारी भत्त्यासाठी अट ५०७ तासांची. शेवटच्या कराराच्या समाप्तीपासून मागे १२ महिने मोजायचे आणि त्यात ५०७ तास भरले पाहिजेत. एक काशे म्हणजे १२ तास. म्हणजे केवळ काशेवर जगणाऱ्या अभिनेत्रीला वर्षाला ४३ काशे लागतात. एका महिन्यात २८च्या वर काशे धरत नाहीत, त्यामुळे एका दमात कोटा उरकता येत नाही. तास भरले की पुढच्या बारा महिन्यांत ज्या दिवशी काम नाही त्या दिवसांचा भत्ता. तो मिळकत आणि तास दोन्हींवर ठरतो; कलाकारांसाठी किमान ४४ युरो रोज.

आता कागदावर एक वर्ष मांडू. एका चित्रपटात तीन दिवसांची भूमिका, ३६ तास. पोलिसी मालिकेच्या एका भागात साक्षीदार बाई, पाच दिवस, ६० तास. छोट्या नाटकाचे २२ प्रयोग, २६४. डबिंगचे सहा दिवस, ७२. नाट्यशाळेत शिकवणं, त्याचे जास्तीत जास्त ७० तास धरतात, ते सगळे धरू. बेरीज ५०२.

पाच तास कमी. बाई वर्षभर राबली, पाच प्रकारची कामं केली, आणि भत्ता शून्य.

ही बेरीज मी रचलेली आहे, पण अशी वर्षं या धंद्यात सगळ्यांच्या ओळखीची आहेत. आणि तास हरवतात ते बहुधा कामाच्या अभावी नव्हे, कागदामुळे. निर्मात्याने दर कराराचा दाखला विमा यंत्रणेकडे पाठवायचा असतो. छोट्या नाट्यसंस्थेने तो विसरून ठेवला की प्रयोग झाला, टाळ्या झाल्या, तास नाहीत. दाखल्यात 'एक काशे' लिहायच्या जागी 'आठ तास' लिहिले की चार तास गेले. वरच्या वर्षात असे दोन दाखले चुकले तर तूट तेरावर जाते. तारखांचाही घोळ असतो. ज्या करारापाशी मागचा हिशेब मिटला त्याच्या आधीचे तास पुढच्या हिशेबात चालत नाहीत. दोन चांगले चित्रपट एकाच वसंतात आले तर त्या वर्षी तास उतू जातात आणि पुढचं वर्ष कोरडं. उतू गेलेले साठवून ठेवता येत नाहीत. म्हणून जाणती अभिनेत्री वही ठेवते: तारीख, निर्माता, काशे, दाखला आला की नाही.

नियम बदलत आले आहेत आणि प्रत्येक बदल भांडून झाला आहे. २००३मध्ये कलाकारांसाठी १२ महिन्यांची मुदत साडेदहावर आणली गेली, तेव्हा संप इतका पेटला की त्या उन्हाळ्यातला आव्हिन्योंचा नाट्यमहोत्सवच रद्द झाला. २०१६च्या करारात बारा महिने परत आले. त्याआधी आणखी एक गंमत होती. एकाच निर्मात्याकडे सलग पाच किंवा जास्त दिवस काम केलं तर काशे आठ तासांचा, तुटक केलं तर बाराचा. सलग काम मिळवणाऱ्याला शिक्षा! २०१६मध्ये हा फरक गेला. ज्यांचे ३३८ तास तरी भरले आहेत आणि जे या व्यवस्थेत जुने आहेत त्यांना सहा महिन्यांची सवलत मिळू लागली. बाळंतपणाच्या रजेचे रोज पाच तास धरले जातात.

तास भरायला सगळ्यात मोठा आधार कोणता, हे बाहेरच्यांना सहसा ठाऊक नसतं. तो आहे डबिंग. फ्रान्समध्ये परदेशी मालिका आणि चित्रपट मोठ्या प्रमाणावर फ्रेंच आवाजात बघितले जातात, आणि पडद्यावर दुय्यम असलेल्या कित्येक बायकांचा आवाज तिथे मुख्य असतो. काम असं चालतं: अंधाऱ्या स्टुडिओत पडद्याखाली एक पट्टी उजवीकडून डावीकडे सरकत असते. तिच्यावर संवाद लिहिलेले. शब्द लांबवायचा तिथे अक्षरं ताणून लिहिलेली, तोडायचा तिथे दाटीने, ओठ मिटतात ती प, ब, म ही अक्षरं मूळ नटीच्या ओठांवर बसवलेली. पट्टीवर एक उभी रेघ स्थिर असते. अक्षर रेघेला टेकलं की तोंडातून बाहेर पडलं पाहिजे. नवखी मुलगी पट्टी वाचते आणि आवाज सपाट येतो. मुरलेली बाई नजर मूळ नटीच्या डोळ्यांवर ठेवते आणि पट्टी कडेने बघते. पैसे ओळींवर मोजतात, ५० अक्षरचिन्हांची एक ओळ, शिवाय किमान मानधन. १९९४-९५च्या हिवाळ्यात याच मंडळींनी दीर्घ संप केला तो आपल्या आवाजाच्या पुनर्वापराचे पैसे मिळावेत म्हणून. आता नकली आवाज तयार करणाऱ्या यंत्रांविरुद्ध तेच लोक पुन्हा उभे आहेत. या भांडणाकडे 'तंत्रज्ञानाला विरोध' म्हणून बघणं सोपं आहे. पण वरच्या बेरजेतले डबिंगचे ७२ तास काढून बघा: ५०२चे ४३० होतात, आणि नाटक, चित्रपट, दूरदर्शन तिन्हींत काम करणारी बाई तिन्हींतून बाहेर पडते. चित्रपटातली तीन दिवसांची भूमिका करायला ती उपलब्ध राहते ती डबिंगमुळे.

दैनंदिन मालिकांचंही तसंच, फक्त त्यांच्याकडे नाक मुरडायची पद्धत आहे. मार्सेतली 'प्ल्यू बेल ला व्ही' २००४मध्ये सुरू झाली, मग सेत, माँपेलिए अशी दक्षिणेकडे या मालिकांची रांगच लागली. आजी, मुख्याध्यापिका, खानावळवाली अशा ठरलेल्या पात्रांना वर्षभर काम मिळू लागलं, आणि पॅरिसबाहेर राहून या धंद्यात टिकता येऊ लागलं. जुन्या गायिका-अभिनेत्री कोलेत रनार आयुष्याच्या अखेरच्या वर्षांत घराघरांत पोचल्या त्या 'प्ल्यू बेल ला व्ही'मुळेच.

फ्रेंच धंद्यातल्या दलालीची आपल्याला ओळख झाली ती 'दी पूर साँ' या मालिकेमुळे. नाव म्हणजे 'दहा टक्के', एजंटाचा कायदेशीर वाटा. जगभर ती 'कॉल माय एजंट' म्हणून गेली आणि २०२१मध्ये तिचा मुंबईत घडणारा हिंदी अवतारही आला. त्यात जुन्या खोडाच्या एजंटबाई झाल्या सोनी राजदान. मूळ मालिकेत ती भूमिका लिलियान रोव्हेर यांची होती: कुत्रा काखेत घेऊन फिरणारी, सगळ्यांची अंडीपिल्ली ठाऊक असलेली आर्लेत. १९३३ साली जन्मलेल्या रोव्हेर सत्तरच्या दशकात बेर्त्रां ब्लिएच्या चित्रपटांत छोट्या भूमिकांत दिसतात. रस्त्यात लोक ओळखू लागले ते ऐंशी उलटल्यावर.

मालिकेचं नावच गणित सांगतं. एजंटाला दहा टक्के मिळतात म्हणून तो मोठ्या नावामागे धावतो. तीन दिवसांच्या भूमिकेच्या दहा टक्क्यांत त्याचं फोनचं बिल निघेल की नाही शंका. म्हणून दुय्यम भूमिकांच्या बायकांना एजंट असून नसल्यासारखा. त्या स्वतः दोन-तीन मिनिटांची चित्रफीत कापून ठेवतात, भूमिका ठरवणाऱ्या कास्टिंगवाल्यांना पाठवतात, दर सहा महिन्यांनी नवी. ऑडिशनला जायचा प्रवासखर्च बहुधा पदरचा. मुंबईत आरामनगरच्या गल्ल्यांतून फोटो घेऊन हिंडणाऱ्या पोरींना यातलं काही वेगळं वाटणार नाही. वेगळं आहे ते निवड झाल्यानंतरचं.

आपल्याकडे मालिकेच्या सहकलाकाराचे पैसे नव्वद दिवसांनी येतात, हा कायदा नसून रिवाज आहे, आणि सगळे तो पावसासारखा धरून चालतात. २०१२च्या दुरुस्तीने आपल्या कॉपीराइट कायद्यात कलमही आलं: चित्रपटातल्या कामाचा व्यापारी वापर झाला तर कलाकाराला स्वामित्वधन. कागदावर फ्रान्सच्या तोडीचं. पण त्याच कायद्याच्या व्याख्येत लिहिलंय की ज्याचं काम ओघाने आलेलं आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत येत नाही, तो या हक्कांपुरता 'कलाकार' नाही. फ्रेंच कायदाही जमावातल्या पूरक कलाकाराला असाच बाहेर ठेवतो. तिथे ती रेघ धंद्याच्या रिवाजावर ठरते, आपल्याकडे त्याशिवाय नाव आलं की नाही यावरही. नाव चढवायचं की नाही हे ठरवणार निर्माता. छोट्या भूमिकेतल्या बाईने करारावर सही करताना पैशांच्या आकड्याआधी श्रेयनामावलीचं कलम वाचावं, ते यासाठी. नावात अक्षर चुकलं तरी दुरुस्त करून घ्यावं, कारण पुढे हक्कांचे पैसे वाटणारी संस्था त्याच नावावरून कलाकार शोधते.

फ्रान्समध्ये ते वाटण्याचं काम आदामी ही १९५५पासूनची कलाकारांची संस्था करते. १९८५च्या जुलैमधल्या कायद्याने कोऱ्या कॅसेटवर खासगी नकलेसाठी आकार बसवला. पुढे तो साठवणुकीच्या नव्या साधनांवर आला. चित्रफितींच्या बाबतीत त्याचे तीन समान वाटे: लेखक-दिग्दर्शक, कलाकार, निर्माता. त्यातले पंचवीस टक्के आधी बाजूला काढून नव्या नाटकांना, महोत्सवांना द्यायचे. १९९०च्या कराराने चित्रपटाचा खर्च वसूल झाल्यावर निव्वळ उत्पन्नाच्या दोन टक्के सगळ्या कलाकारांत वाटायचे ठरले. ऐकायला छान. अडचण 'वसूल झाल्यावर' या दोन शब्दांत आहे, आणि वसुली झाली की नाही हे निर्मात्याच्या वहीतून कळतं. दोन टक्क्यांचं आश्वासन दुय्यम अभिनेत्रीच्या स्वयंपाकघरात सहसा पोचत नाही. काशे पोचतो, भत्ता पोचतो. म्हणून स्वामित्वधनाच्या वादापेक्षा तासांचा वाद महत्त्वाचा, असं माझं मत आहे, आणि आपल्याकडच्या संघटनांनी उलट क्रम लावला आहे.

या व्यवस्थेवरचे आक्षेप पोकळ नाहीत. फ्रान्सच्या लेखापरीक्षण न्यायालयाने वर्षाला सुमारे एक अब्ज युरोंची तूट पुन्हा पुन्हा दाखवली आहे: कलाकार-तंत्रज्ञ वर्गणी भरतात त्याहून खूप जास्त भत्ता घेतात आणि फरक बाकीच्या नोकरदारांच्या वर्गणीतून भरला जातो. कारखान्यातल्या कामगाराने नटीच्या रिकाम्या दिवसांचे पैसे का भरावेत? २०१४मध्ये उद्योगपतींच्या संघटनेने हे नियमच रद्द करा असं सरळ म्हटलं होतं.

याचं उत्तर भावनेने देऊ नये. तुटीतला एक भाग कलाकारांचा नाहीच. वाहिन्या आणि निर्मिती कंपन्या वर्षानुवर्षं त्याच माणसाला त्याच खुर्चीवर तुटक करारांवर ठेवतात. पगार अर्धा कंपनीचा, अर्धा विम्याचा. फ्रेंच लोकांनी त्यासाठी 'कायमस्वरूपी तात्पुरता' अशा अर्थाचा चपखल शब्द घडवला आहे. ती गळती बंद करायची तर निर्मात्याला पकडावं लागेल, पाच दिवसांच्या भूमिकेतल्या साक्षीदार बाईला नव्हे. दुसरं, चित्रपट हा हंगामी कारखाना आहे. नायकाच्या तारखांभोवती वेळापत्रक लागतं आणि छोट्या भूमिकेचे चार दिवस आठ आठवड्यांत विखुरले जातात. त्या आठ आठवड्यांत केस कापायचे नाहीत, वजन बदलायचं नाही, बोलावलं की हजर व्हायचं. या हजेरीचे पैसे निर्माता देत नाही. विमा देतो. मग ही सवलत नेमकी कुणाला, नटीला की निर्मात्याला?

कोविडमध्ये हे उघडं पडलं. नाट्यगृहं बंद, तास भरणं अशक्य. सरकारने हक्कांची मुदत आधी ऑगस्ट २०२१पर्यंत आणि नंतर वर्षाअखेरीपर्यंत वाढवली, पण तीही आंदोलनाशिवाय नाही. मार्च २०२१मध्ये पॅरिसचं ओदेओं नाट्यगृह कलाकारांनी ताब्यात घेतलं. १२ मार्चच्या सेझार सोहळ्यात अभिनेत्री कोरिन मासिएरो गाढवाचं कातडं आणि त्याखाली रक्ताळलेला पोशाख घालून मंचावर आल्या, सगळं उतरवलं, आणि उघड्या अंगावर लिहिलेला पंतप्रधानांना उद्देशून मजकूर कॅमेऱ्यासमोर धरला. वाहिन्यांवर चर्चा झाली ती नग्नतेची. मागणी होती विम्याची.

आणि मासिएरो यांच्यावरूनच त्या भोकाकडे येऊ.

२०१४मधल्या एका लघुमालिकेत त्यांनी मार्लो नावाच्या पोलीस कप्तानाची दुय्यम भूमिका केली. वय पन्नास, डोक्यावर कानटोपी, बोलणं गावरान. दिग्दर्शिका जोझे दायान यांना ती इतकी भावली की पुढच्याच वर्षी तिच्याभोवती स्वतंत्र मालिका उभी राहिली, आणि ती फ्रान्स-३ वाहिनीची हुकमी मालिका ठरली. म्हणजे प्रेक्षकांना पन्नाशीची बाई नको असते हे म्हणणं प्रेक्षकांचं नाही. मग कुणाचं? अभिनेते-अभिनेत्रींची आफा ही संघटना याला 'पन्नाशीचा बोगदा' म्हणते. त्यांनी २०१५चे फ्रेंच चित्रपट घेऊन मोजणी केली: पन्नाशीपुढच्या स्त्री-पात्रांच्या वाट्याला आल्या ८ टक्के भूमिका. त्याच देशात सज्ञान बायकांमधली दर दुसरी बाई पन्नाशीपुढची आहे.

बोगदा हा शब्द मला पटतो, कारण त्याला पलीकडचं तोंड आहे. ते आजीचं. आजी झालात की भूमिका पुन्हा सुरू होतात. सिल्वी या अभिनेत्रीने १९४३च्या क्लूझोंच्या 'ल कोर्बो'त निनावी पत्रामुळे आत्महत्या केलेल्या रुग्णाची आई केली होती. काळ्या बुरख्यातली बाई शेवटी वस्तऱ्याने सूड उगवते आणि मुलं खेळत असलेल्या उन्हाच्या रस्त्यावरून चालत निघून जाते. एवढीच भूमिका, पण चित्रपट आठवला की ती पाठमोरी आकृती आठवते. सिल्वीला मुख्य भूमिका मिळाली १९६५मध्ये, वयाच्या ८२व्या वर्षी, रने आल्यो यांच्या 'निर्लज्ज म्हातारी'त. अमेरिकन समीक्षकांच्या राष्ट्रीय संस्थेने तिला त्यासाठी वर्षातली सर्वोत्तम अभिनेत्री ठरवलं. सिल्वी ८२, व्हँसां ८१. मधे साठ वर्षं गेली आणि वय एका वर्षाने खाली आलं. या गोष्टी आपण 'वयाला मर्यादा नसते' म्हणून कौतुकाने सांगतो. मला त्यांत मधली तीस वर्षं दिसतात.

आता बोगदा आणि ५०७ तास एकत्र ठेवा. भूमिका कमी झाल्या की तास कमी, तास कमी झाले की भत्ता बंद, भत्ता बंद झाला की दुसरी नोकरी, आणि दुसरी नोकरी धरली की मंगळवारी सकाळी पॅरिसला हजर व्हायला सांगणारा फोन घेता येत नाही. व्यवस्था तास मोजते. तास कुणाला का मिळत नाहीत हे तिच्या रकान्यात नाही. नियम करणाऱ्यांना हे अगदीच कळलं नाही असंही नाही. पन्नाशीनंतर शिकवण्याचे ७०ऐवजी १२० तास धरतात. नीट वाचलं तर त्याचा अर्थ असा: बाई, तुम्हाला भूमिका मिळणार नाहीत हे आम्हाला माहीत आहे, तेव्हा वर्ग घ्या.

रंगाचंही तेच. ग्वादलुपच्या फिर्मिन रिशार १९८९मध्ये कोलिन सेरोंच्या 'रोम्युआल्द ए ज्युलिएत'मध्ये थेट नायिका म्हणून आल्या, दानिएल ओतय यांच्यासमोर. पात्र होतं कार्यालयात झाडलोट करणारी बाई. नायिकेपासून सुरुवात झालेली कारकीर्द २००२च्या 'आठ बायका'त पोचली ती घरकामवालीच्या भूमिकेवर. बर्लिन महोत्सवात आठही जणींना मिळून रौप्य अस्वल हा पुरस्कार मिळाला, त्यांनाही. २०१८च्या मे महिन्यात १६ कृष्णवर्णी अभिनेत्री कान चित्रपट महोत्सवाच्या लाल गालिच्यावर एकत्र चढल्या, त्यांत रिशार होत्या. त्यांची तक्रार भूमिका छोट्या असण्याची नव्हती. छोट्या भूमिकेचा धंदा त्यांना पक्का ठाऊक होता. तक्रार होती की छोटी भूमिकासुद्धा ठरावीकच: नर्स, आया, मोलकरीण, कागदपत्रं नसलेली बाई.

उपाय विमा यंत्रणेत सापडणार नाही. तो चित्रपटाच्या पैशांच्या नळाशी आहे. फ्रान्समध्ये विकल्या जाणाऱ्या प्रत्येक चित्रपट-तिकिटातून १०.७२ टक्के कर राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडे जातो आणि तिथून अनुदान म्हणून निर्मात्यांकडे परत येतो. २०१९पासून या केंद्राने एक युक्ती केली: दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन अशा मुख्य पदांवर स्त्री-पुरुष समान असले तर अनुदानात १५ टक्के वाढ. पदांची यादी ठरलेली, गुण ठरलेले, तक्ता भरून द्यायचा. २०२५च्या सुरुवातीपासून लैंगिक छळ रोखण्याचं प्रशिक्षण सगळ्या चमूला दिल्याशिवाय अनुदानच नाही. म्हणजे पैशाला अट जोडता येते हे सिद्ध झालं आहे. मग त्या तक्त्यात पडद्यावरच्या माणसांचे तीन रकाने का नाहीत? प्रत्येक बोलती भूमिका, तिचं लिंग, तिचं लिहिलेलं वय आणि किती दिवसांचं काम. सक्ती नको, वाढीव अनुदानही लगेच नको. पहिली तीन वर्षं फक्त आकडे छापा. आज ही मोजणी एका संघटनेच्या अभिनेत्री आपल्या वेळात करतात.

कलेत ढवळाढवळ, असं लेखक म्हणतील. नायिका किती वर्षांची असावी हे कुणी सांगू नये, मान्य. पण भूमिकांची यादी जवळून बघा, कास्टिंगवाल्यांकडे जाते ती. वर नायक-नायिका, त्यांच्यापुढे अर्धा परिच्छेद वर्णन. खाली दोन-चार दिवसांच्या भूमिका, एकेका ओळीत: न्यायाधीश, पुरुष, ५५. बँक व्यवस्थापक, पुरुष, ५०. डॉक्टर, पुरुष, ६०. स्वागतिका, स्त्री, २५. परिचारिका, स्त्री, ३०. शेजारीण, स्त्री, ७५. या वयांचा कथेशी काडीचा संबंध नसतो. लेखकाने ती विचार करून लिहिलेली नसतात, हाताच्या सवयीने लिहिलेली असतात. न्यायाधीशापुढचा 'पुरुष' खोडून 'स्त्री' लिहिलं तर एक संवाद बदलावा लागत नाही, पोशाखही तोच. आणि ५०२ तासांवर अडकलेल्या बाईला तो एक दिवस म्हणजे ५१४.